सतरा आणि अठराच्या मधला कोपरा

१३ मे, सोमवार

आले एकदाची! बारामतीहून सकाळी सातच्या एस.टी.ने इंदापूर, तिथून ऑफिसच्या जीपने पळसदेवच्या पुढे आत, हिंगणमाळ. मांडीवर अम्मीने दिलेला शेंगदाण्याच्या लाडवांचा डबा आणि पायापाशी मोजणीच्या मशीनची पिवळी पेटी. सरदारचाचा पुढे बसून ड्रायव्हरला रस्ता दाखवत होते. चाचा आमच्या खात्यातले जुने शिपाई, पंचावन्नच्या आसपासचे. मी तिपाईवर मशीन लावून दुर्बिणीतून बघायचं आणि त्यांनी लांब समोर आरशाची काठी धरून उभं राहायचं, अशी आमची जोडी. मोजणीदार म्हणून माझी ही पहिलीच स्वतंत्र कामगिरी. म्हणून वहीसुद्धा नवी कोरी घेतली.

काम साधं आहे. उजनीचं पाणी यंदा फार मागे गेलंय. धरणाच्या पोटातली जमीन सरकारची, पण पाणी हटलं की तिथल्या गाळात पेरायला ती एका हंगामापुरती जुन्या मालकांच्या घरांना वाटून देतात. एकसष्ट तुकडे. त्यांच्या हद्दी आखायच्या, कोपऱ्यांवर दगड रोवायचे आणि पाऊस पडून पाणी चढायच्या आत घरी जायचं.

राहायला दत्तोबा गलांडे यांच्या घरामागची खोली मिळाली. गाव त्यांना आबा म्हणतं. बाहत्तर वर्षांचे, पण पाठ ताठ, धोतर पांढरं शुभ्र. त्यांच्या सुनेने चिलापी माशाचं कालवण आणि ज्वारीची भाकरी वाढली, आणि मला तिखट झेपेल का म्हणून दोनदा विचारलं. मी नाक पुसत पुसत तिसरी भाकरी मागितली तेव्हा सगळे हसले.

खिडकीतून धरणाचं सगळं उघडं पोट दिसतं. राखाडी, भेगाळलेला गाळ, त्यात जुन्या गावच्या घरांची जोती, आणि मधोमध देवळाचं शिखर. त्याच्या पलीकडे, फार लांब, पाण्याची चकचकीत रेघ. अम्मीला फोटो पाठवला. इथं राहायला मजा येणार.

१५ मे, बुधवार

सकाळी साडेसहाला खाली उतरतो, अकराला वर येतो. त्यानंतर ऊन उभं राहू देत नाही. पायाखाली शिंपले कुरकुर वाजतात. सोळा तुकडे झाले. नकाशा उघडायचीसुद्धा गरज पडत नाही. जी जमीन चाळीस-पंचेचाळीस वर्षं पाण्याखाली होती, तिचा बांध कुठून जात होता ते इथली म्हातारी माणसं डोळे मिटून सांगतात.

या गावात सगळं दोन-दोन आहे. दोन दूध डेअऱ्या, दोन गिरण्या, दोन पार, दोन गणपती. घरं जेमतेम दोनशे. एक बाजू आबांची, दुसरी दगडाबाईची. दगडाबाई म्हणजे आबांच्या चुलतभावाची बायको, अडुसष्ट-सत्तरची, एकटी राहते, पण अर्धं गाव तिच्या शब्दाबाहेर नाही. धरण भरलं त्याच्या आदल्या उन्हाळ्यात तिचा नवरा सोपान नाहीसा झाला. दगडाबाई म्हणते, आबांनी बांधाच्या भांडणात त्याला मारून त्याच बांधात पुरला. आबा म्हणतात, सोपानने आबांच्या थोरल्या भावाच्या खांद्यावर कुऱ्हाड घातली आणि पोलिसांच्या भीतीने पळाला. तेव्हापासून ही घरं एकमेकांच्या दारचं पाणी पीत नाहीत, मयतीलासुद्धा जात नाहीत.

तो बांध म्हणजे आमच्या यादीतल्या सतरा आणि अठराच्या मधली हद्द.

दगडाबाई आज वाटेत भेटली. ताक दिलं. कुणाची, कुठली, लग्न झालंय का, सगळं विचारलं. गोड बाई आहे. मी तिला आजी म्हणते.

१८ मे, शनिवार

आज सतरा नंबरचा कोपरा घेतला. चाचा काठी घेऊन अजून देवळापाशी होते, बिडी ओढत. मी सहज मशीन कोपऱ्याकडे वळवलं, तर दुर्बिणीत माणूस उभा. खाकी अर्धी चड्डी, डोक्यावर उन्हाची गोल टोपी, जुन्या फोटोतल्या साहेबांसारखी. उजवा हात वर करून हलवत होता. चेहरा टोपीच्या सावलीत. मला वाटलं, गावातलं कोणी मदतीला आलंय आणि जवळ बोलावतंय. डोळा काढून बघितलं तर सपाट गाळ. तिथं बाभळीचं झुडूपसुद्धा नाही.

परत डोळा लावला. होता. हात हलतच होता.

उन्हात असं होतं. हवा तापून थरथरते, काहीच्या काही दिसतं. कॉलेजात शिकवलंय आम्हाला. दगड रोवला आणि वर आलो.

२१ मे, मंगळवार

तो सतराचा दगड उपटून टाकलाय. रविवारी एकदा उपटला होता, मी काल परत रोवला होता. आपला रोवलेला दगड दुसऱ्यांदा उपटलेला बघून मला रडूच आलं. आबांची माणसं म्हणतात दगडाबाईच्या माणसांनी उपटला, तिची माणसं म्हणतात आबांच्या. रविवारी कुणाची तरी मासे धरायची जाळी कापली. काल कुणाच्या तरी उसातल्या ठिबकच्या नळ्या कोयत्याने तोडल्या. आज आबांच्या पुतण्याची, अविराजची, गाभण म्हैस तोंडाला फेस येऊन मेली. डॉक्टर यायच्या आतच सगळ्यांना ठाऊक होतं विष कुणी घातलं.

दुपारी आबा खोलीच्या दारात आले. आत आले नाहीत. म्हणाले, लोक बोलत्यात की मॅडम दगडाबाईचं ताक पितात. मी म्हटलं, आबा, ताकच ते. ते हसले नाहीत.

संध्याकाळी पिठाच्या गिरणीत दगडाबाईच्या दिराचा मुलगा अजित भेटला. तो म्हणाला, मॅडम आबांच्यात जेवतात, मग हद्द कुणाच्या बाजूनं पडणार ते दिसतंयच.

सगळे शांतपणे बोलतात. ओरडत नाहीत, हेच जास्त वाईट वाटतं.

२३ मे, गुरुवार

आज चाचांना दुर्बिणीतून बघायला लावलं. मी आधी काहीच सांगितलं नव्हतं. ते वाकले, बघितलं, आणि तसेच खाली गाळात बसले. पाणी दिलं तेव्हा बोलले.

त्यांचे वडीलही याच खात्यात होते, मोजणीच्या साखळीवर. धरणाच्या वेळी जमिनी ताब्यात घ्यायच्या म्हणून एक मोजणीदार या गावात आला होता. एकटाच उतरला होता. परत गेला नाही. नोकरी सोडून पळाला असं खात्याने ठरवलं. गावात चौकशीला आलेल्यांना जो तो सोपानचीच गोष्ट सांगायचा. सोपान मेला की पळाला यावर पोलिसांपुढे दोन्ही बाजू इतक्या भांडल्या, की दुसराही एक माणूस हरवलाय हे कुणाच्या ध्यानातच राहिलं नाही.

चाचांनी विचारलं, तो हात कसा करतोय ते बघितलं का तुम्ही? मी करून दाखवलं. हात वर, मग डोक्यावरून झटकन खाली. मला ते बोलावणं वाटत होतं.

चाचा म्हणाले, “बेटा, आमच्या अब्बांच्या वेळी लांबून ओरडून ऐकू जायचं नाही, खुणा ठरलेल्या असायच्या. ही खूण बोलावण्याची नाही. काम थांबवा, सामान उचला, निघा. अशी आहे ती.”

साहेबांना फोन केला. दगड उपटतात एवढंच सांगितलं, दुसरं काय सांगणार? ते म्हणाले, महिनाअखेर संपवा.

२५ मे, शनिवार

चाचांना ट्रॅक्टरने उडवलं. सकाळी दहा वाजता, सरळ रस्त्यावर, मी वीस पावलं मागे असताना. उसाच्या पट्ट्यातून ट्रॅक्टर उलटा आला, चाकाखाली त्यांचा पाय आला, आणि ट्रॅक्टर पुन्हा पुढे निघून गेला. चालवणाऱ्याने तोंडाला उपरणं बांधलेलं. पायाचं हाड बाहेर आलेलं मी बघितलं. ॲम्ब्युलन्स इंदापूरला घेऊन गेली. मी सोबत चढत होते, तर आबांनी माझा दंड धरला. म्हणाले, सरकारी मशीन इथं पडलंय, त्याची जबाबदारी कुणाची?

आणि मी थांबले. का थांबले मी?

आबांकडचे म्हणतात ट्रॅक्टर दगडाबाईकडचा. तिकडचे म्हणतात आबांचा.

२६ मे, रविवार

दुपारी वळीव झाला. गारा, वावटळ. विजेचे खांब पडले, मोबाईलचा टॉवरही बंद. चाचांची काही खबर नाही. अम्मीचा फोन लागत नाही. आबांच्या सुनेने आज ताट दाराबाहेर ठेवलं आणि लगेच आत गेली.

माझं सारखं एकच चाललंय डोक्यात. त्या कोपऱ्यात कुणी असेल तर तो दगडाबाईचा नवरा असेल, असं मी मनाला सांगते. सेहेचाळीस वर्षं ती हेच तर म्हणतेय. तिला निदान हाडं मिळतील. पाणी चढलं की परत किती वर्षं तो कोपरा उघडा पडेल कुणास ठाऊक.

२७ मे, सोमवार

सकाळी आठला एकटी गेले. दगड खोल रोवायचाय असं दाखवायला पहार घेऊन. वळवाने गाळ मऊ झाला होता. हात-दीड हात खाली लोखंड लागलं. साखळी. जुन्या मोजणीची, कड्यांची, गंजून एक झालेली. ती ओढली तशी मनगटाची हाडं वर आली. साखळी मनगटाला गुंडाळलेली होती. शेजारी पितळेचा ओळंबा.

सोपान शेतकरी होता. त्याच्याजवळ मोजणीची साखळी कशाला असेल?

मी माती परत लोटली. ओळंबा तेवढा ओढणीत बांधला आणि सरळ दगडाबाईकडे गेले. मला वाटलं, बाईमाणूस आहे, तिलाही फसवलंय या लोकांनी, ती माझ्या बाजूने उभी राहील.

ती ओसरीवर तांदूळ निवडत होती. ओळंबा बघितला आणि सूप बाजूला ठेवलं.

“कोपरा खणलास व्हय?” म्हणाली.

मी म्हटलं, आजी, तिथे तुमचा नवरा नाही.

“न्हाईच. मालक परळीकडं गेला. तितंच दुसरं घर केलं. मरूनबी धा वर्सं झाली त्येला.”

मग तो कोण, मी विचारलं.

“तुज्यावानीच. मोजणीदार. नाव कुनाला ठावं? आमास्नी वाटलं त्येनं आबाचं खाल्लंय, आबाला वाटलं आमचं. त्यो आपला म्हनायचा, मी नकाशात हाय त्येच लिवनार. भर दुपारी बांधावर दोनी बाजूंनी काठ्या आल्या. पयली कुनाची बसली त्ये कुनालाच सांगता येत न्हाय. मी बी दगूड टाकला. बावीस वर्साची हुते.”

मी विचारलं, मग हे भांडण? सगळं खोटं?

“खोटं कसं आसंल? मालक त्या भीतीनंच पळाला न्हवं. आबा कवा बोलंल ह्येची मला धास्ती, मी कवा बोलंन ह्येची त्येला. म्हनून दोगं एकमेकावर डोळा ठिवून बसलोय. सेहेचाळीस वर्सं कुटं गेले न्हाय मी. माहेराला न्हाय. आईच्या मातीला न्हाय.”

मग तिने माझा हात हातात घेतला. तिचा हात गार होता. मऊ होता.

“ल्येकी, तू कुनाला सांगितलंस?”

मी म्हटलं, अजून कुणालाच नाही, फोन कुठे लागतोय.

म्हटलं मी. माझ्याच तोंडाने.

२८ मे, मंगळवार

सकाळी चालत निघाले. मशीन, पेटी सगळं खोलीत टाकून. हायवे नऊ किलोमीटर. फाट्यावर अविराज आणि दोघे मोटारसायकलवर बसलेले. “मॅडम, ऊन लई हाय, कुटं निगाला? फिरा माघारी,” म्हणाला. नम्रपणे. गाडीवरून उतरलाही नाही. फक्त गाडी रस्त्यात आडवी केली.

मागे फिरून उसामधल्या पाणंदीने कळस गावाच्या दिशेची वाट धरली. ती दगडाबाईच्या बाजूची. तिथं अजित उभा होता. तोही तेच बोलला. शब्दही तेच — ऊन लई हाय.

या दोन बाजूंची माणसं कधी एकमेकांशी बोलत नाहीत.

एक दूध गाडी आली. मी हात केला, पळत गेले, काचेवर मारलं. ड्रायव्हरने माझ्याकडे बघितलंच नाही. पुढे अजितने त्याला हात केला, त्याने अजितला केला.

खोलीत परत आले. दुर्बिणीतून कोपरा बघितला. तो आता एकच हात हलवत नाही. दोन्ही. वर, खाली. वर, खाली. थांबतच नाही. मी खिडकीतून ओरडले — मला जाऊ देत नाहीत, काय करू, सांग काय करू — वेड्यासारखी. आबांची सून अंगणात कपडे वाळत घालत होती. तिने वळून बघितलं नाही.

मशीनची बॅटरी थोडी आहे. फोनची संपली.

२९ मे, बुधवार, सकाळ

ताट आलं नाही. बाहेरून कडी आहे. खिडकीला गज.

दारामागे ट्रंक ओढली. या अल्ला.

११ च्या सुमारास

सुनेला हाक मारली. म्हटलं, तुलाही मुली आहेत. ती गजापाशी आली. डोळे रडून सुजलेले. हळू म्हणाली, “मला काय इचारू नका ताई. मला हितंच ऱ्हायाचंय.” आणि गेली.

गिरणीचा आवाज नाही. दोन्ही गिरण्या बंद. डेअऱ्यांवरही कोणी नाही. कुत्रं भुंकत नाही.

दुपार

दुर्बीण वळवून गावाकडे बघितलं. आबांच्या पारावर बाजलं टाकलंय. आबा बसलेत. शेजारी — दगडाबाई. एकाच बाजल्यावर. ती किटलीतून कपात चहा ओतते. कप आबांना देते. ते पितात. तिच्या हातचा.

अविराज आणि अजित शेजारी शेजारी बसलेत, खांद्याला खांदा लावून. हसतायत. सगळं गाव उभं आहे भोवती. म्हातारी माणसं डोळे पुसतात. कुणीतरी आबांना आणि तिला साखर भरवली.

लग्नघर वाटावं.

त्यांचं भांडण मिटलं. माझ्यामुळे.

कोपऱ्याकडे वळवली. कोपऱ्यावर आज कोणी नाही.

नंतर

उठले. सगळे. आबा पुढे, तिचा हात धरून, तिला चालवत नाही म्हणून. बायका पदर खोचतायत. इकडेच.

ओरडून काय उपयोग. ऐकणारे तेच आहेत.

वही मशीनच्या पेटीत फोमच्या खाली ठेवते. पेटी सरकारी आहे, ऑफिस परत मागेल. कुणीतरी उघडेल. चाचा — तुम्ही उघडा.

अम्मीला सांगा मी पळाले नाही. कुणी काहीही सांगितलं तरी. मी पळाले नाही.

बाहेरची कडी काढली. दगडाबाईच बोलावतेय — ल्येकी, दार उघड, च्या आणलाय —

ट्रंक सरकतेय

लिहून ठेवते. तो जिथे आहे ती जागा. पाणी चढलं तरी सापडेल. देवळाच्या शिखरापासून सरळ उत्तरेला, मग कोपरा सतरा-अठरा, अंतर एकशे बेचाळीस मीटर नाही चुकलं एकशे चोवी